घरात लहान मूल असताना इग्वाना-कासव पाळावं का?

चौकस:
इग्वानासारखा सरडा पाळायचा म्हटलं की पहिला प्रश्न, "चावतो का?" अहो, चावण्याचं सोडा. सरडा-कासवांच्या आतड्यात साल्मोनेला जंतू सुखाने नांदतो, प्राणी ठणठणीत दिसतो. विष्ठेतून तो कातडीला, टाकीला, पाण्याला लागतो. मोठ्यांचं ताप-जुलाबावर निभावतं. तान्ह्या बाळाच्या मात्र रक्तात, मेंदूच्या आवरणापर्यंत जाऊ शकतो. बाळाने प्राण्याला शिवायलाही नको, तुमचा शर्ट पुरतो. अमेरिकेत १९७५ पासून ४ इंचांहून लहान कवचाची कासवं पाळण्यासाठी विकायला बंदी आहे, कारण मुलं ती तोंडात घालत. पाच वर्षांखालचं मूल असेल तर नकोच, हे माझं मत.

शेपटीवाला:
झालं सुरू! कच्च्या चिकनमध्येही साल्मोनेला असतो, ते घरात आणता ना? कुत्र्यामुळे तर रेबीज होतो. माझ्याकडे बिअर्डेड ड्रॅगन जातीचा सरडा आहे. टाकीची बादली-ब्रश वेगळे, त्याचं पाण्याचं भांडं स्वयंपाकघराच्या सिंकमध्ये कधीच जात नाही. हाताळून झालं की साबणाने हात. शिवाय विष्ठेची तपासणी निगेटिव्ह आली आहे.

चौकस:
त्या निगेटिव्हवर विसंबू नका. जंतू रोज बाहेर पडत नाही. आज नाही सापडला, पुढच्या आठवड्यात सापडेल. अँटिबायोटिक देऊनही तो हटेलच असं नाही, उलट औषधाला दाद न देणारा होतो. कुत्र्याला रेबीजची लस टोचता येते, तुमच्या ड्रॅगनला कसली टोचणार? आणि चिकन आपण शिजवतो.

रानपाखरू:
सगळे सरड्यांवरच का घसरलात? पोपटाच्या सुकलेल्या विष्ठेची धूळ श्वासात गेली तर सिटॅकोसिस होतो, म्हणजे न्यूमोनियाच. २००३ मध्ये अमेरिकेत मंकीपॉक्स पसरला तो पाळीव प्रेअरी डॉगमुळे (नावात डॉग असलं तरी खारीच्या कुळातला प्राणी). घानाहून आयात केलेल्या उंदरांजवळ ठेवल्याने त्यांना लागण झाली होती. दुकानात कोण कोणाच्या शेजारी पिंजऱ्यात होतं, हे घेणाऱ्याला कळणार कसं?

उंबरठा:
सरड्याला ऊब द्यायला लावतात त्या हीट लॅम्पचं कोणीच बोललं नाही. क्लिप सैल होऊन दिवा पडद्यावर कलंडला तर काय? आणि हातभर म्हणून आणलेला इग्वाना दीड मीटरचा होतो. शेपटीचा फटका खाऊन पाहा, मग बोलू.

शेपटीवाला:
दिवा जाळीच्या पिंजऱ्यात, थर्मोस्टॅटवर आहे. तान्हं बाळ असेल तर नको, इथवर मान्य. पण सगळे धडधाकट असलेल्या घरालाही नकोच म्हणणं म्हणजे अतीच.

चौकस:
पाहुण्यांची मुलं येतात ना? त्यांच्या आईला आधी सांगता?

शेपटीवाला:
सांगतो. आणि टाकीला कुलूप आहे.