टीव्हीवर गाणं शिकता येतं का? बर्नस्टाइनवाल्या पोस्टला उत्तर

टिळकवाडीचा तंबोरा:
काल इथं एकांनी लिहिलं, अमेरिकन वाद्यवृंद-संचालक लेनर्ड बर्नस्टाइनसारखा माणूस आपल्या रागांसाठी टीव्हीवर आला, तर बेळगावातले गाण्याचे क्लास बंद पडले तरी चालेल. राहवलं नाही, म्हणून लिहितोय. बर्नस्टाइन टीव्हीवर गायला नव्हे, ऐकायला शिकवत होता. 1954चा बीथोव्हनच्या पाचव्या सिंफनीवरचा कार्यक्रम घ्या. स्टुडिओच्या जमिनीवर स्वरलिपीचं पहिलं पान भलं मोठं रंगवलेलं आणि वादक आपापल्या ओळीवर उभे. बीथोव्हनने लिहून टाकून दिलेले तुकडे त्याने वाजवून दाखवले, ते का गळले तेही सांगितलं. हे कानाचं शिक्षण झालं.

गळ्याचं तसं नाही. टीव्हीवरचे गुरुजी सा लावणार काळी एकमध्ये, म्हणजे पेटीच्या पहिल्या काळ्या सुरावर. घरातल्या मुलीची पट्टी, म्हणजे तिच्या सा ची उंची, काळी चार किंवा पाच. त्यांच्यामागून गायली तर खाली आवाज घोगरा होतो, वरच्या सप्तकात गेली तर ताणून ओरडते. समोर बसलेला गुरू पहिल्या मिनिटात पट्टी बदलून देतो. टीव्हीला ती ऐकूच येत नाही!

शहापूरकर:
पोस्ट माझी. 1958 ते 1972 या काळात बर्नस्टाइनने लहानथोरांसाठी असे 53 कार्यक्रम केले, आणि पहिल्याच कार्यक्रमाचा विषय होता, संगीताचा अर्थ काय? आपल्या क्लासात पहिल्या दिवशी काय, तर पेटीवर (हार्मोनियमवर) अलंकार, म्हणजे स्वरांचे पलटे, आणि परीक्षेची वही. पोरांचे बारा राग पाठ, पण भूप कुठला नि देशकार कुठला हे ऐकून सांगता येत नाही. स्वर तेच पाच. भूपात गांधाराला (ग) मान, देशकारात धैवताला (ध). हे शेजारी शेजारी गाऊन दाखवायला किती वेळ लागतो हो?

खानापूरची जवारी:
पेटीचं नाव निघालंच आहे तर सांगतो, सगळं तिथंच बिघडतं. पेटीचा शुद्ध गांधार सा पासून 400 सेंटवर (सेंट म्हणजे सुरांमधलं अंतर मोजायचं माप), तंबोऱ्याच्या खर्जाच्या, म्हणजे सगळ्यात खालच्या सा च्या, तारेतून उठणारा 386 वर. काळी एकला दोन्ही एकत्र धरून बघा, सेकंदाला दोन-तीन हेलकावे स्पष्ट ऐकू येतात. रोज पेटीवर बसलेल्या मुलाचा गांधार कायमचा चढतो. 1940 मध्ये आकाशवाणीने पेटीवर बंदी घातली ती उगीच नव्हे.

निपाणीचा पेटीवाला:
पेटीवादक रामभाऊ विजापुऱ्यांच्या बेळगावात बसून पेटीला नावं ठेवता? ती बंदी 1971 मध्ये सैल करावीच लागली. दोष वाद्याचा नाही, सूर लावणाऱ्याचा आहे. रीड, म्हणजे पेटीतली सूर देणारी धातूची जीभ, टोकाशी खरवडली की सूर चढतो, बुडाशी खरवडली की उतरतो. गांधार, धैवत, निषाद हलक्या हाताने उतरवून घ्या, पेटी तंबोऱ्यात मिसळते. पण एका वेळी केसभरच. जास्त खरवडलं तर रीड पातळ होऊन भात्याच्या जोराबरोबर सूर हलायला लागतो, मग ती बदलावीच लागते.

खानापूरची जवारी:
आणि पट्टी बदलली की? काळी एकला लावलेली तुमची पेटी काळी चारला बेसूर. क्लासात मुलं-मुली एकाच पेटीवर बसतात की!

निपाणीचा पेटीवाला:
एवढं मान्य करावं लागतंय. स्केलचेंजरनेही, म्हणजे पट्टी बदलता येणाऱ्या पेटीनेही, सुटत नाही, बोटांखालच्या पट्ट्या सरकतात, रीड जागच्या जागी राहतात, उतरवलेला गांधार भलत्याच स्वराखाली येतो. पट्टीगणिक वेगळी पेटी हवी. पण जिथं तंबोऱ्याची जवारी (तारेची खुली गुंजन) काढता येत नाही, घोडीवरचा धागा सरकवायची भीती वाटते, तिथं पेटी काढून घेऊन मिळवणार काय?

टिळकवाडीचा तंबोरा:
तेवढा धागा सरकवायला शिकवा की आधी! तार छेडत धागा केसाएवढा पुढेमागे करायचा, आवाज खुलला की थांबायचं. दहा मिनिटांचं काम.

शहापूरकर:
बरं, गळा टीव्हीवर तयार होतो, हा शब्द मागे घेतो. क्लास बंद करा हेही मागे. पण भूप-देशकारचं उत्तर अजून कुणी दिलेलं नाही.

टिळकवाडीचा तंबोरा:
ते तुमचं बरोबर आहे. प्रत्येक तासाची शेवटची पंधरा मिनिटं वह्या मिटून फक्त ऐकायला ठेवावीत. सुरुवात याच जोडीने करा.