खेळणं थांबलं, आता कोचिंग जमत नाहीये, काय करू?

लेफ्टहाफ_सोलापूर:
नमस्कार मंडळी. मी मूळ सोलापूरचाच, बारा वर्षं मुंबईत डिपार्टमेंटकडून हॉकी खेळलो. गुडघ्याचं लिगामेंट दोनदा गेलं, डॉक्टर म्हणाले आता बास. सहा महिने झाले जुळे सोलापुरात घरी आहे, सकाळी एका शाळेच्या पोरांना शिकवतो आणि खरं सांगू का, शिकवताच येत नाही ओ. पोरगं विचारतं सर बॉल स्टिकवरनं का उडतो, मी म्हणतो बघ असं, करून दाखवतो, ते म्हणतं हां कळलं, आणि परत उडवतं. त्यात ग्राऊंड मुरमाचं, मी सगळं टर्फवर, म्हणजे कृत्रिम गवतावर खेळलेला. पतियाळाला जाऊन कोचिंगचा कोर्स करू का? घरचे म्हणतात हे सोड, नोकरी बघ.

होटगीरोडवाला:
अरे तुला येतं म्हणूनच सांगता येत नाही. बॉल येताना तुझे हात जरा मागे जातात, उजवा हात सैल असतो, हे तुला स्वतःला माहितीच नसणार. पोरगं दोन्ही हातांनी दांडा आवळून उभं असतं मग बॉल उडणारच की. एक काम कर, कुणाला तरी सांगून स्वतःचा व्हिडिओ काढ, स्लो करून बघ आणि फक्त डाव्या हाताचं काय होतंय ते लिही, मग उजव्याचं. दुसरं म्हणजे मुरमावर बॉल टप्पे खातो, तिथं आधी खाली वाकायला शिकव, टर्फवालं नंतर.

पेनल्टीकॉर्नर:
पतियाळाच्या एनआयएसचा (राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा) डिप्लोमा वर्षभराचा आहे, सहा आठवड्यांचा सर्टिफिकेट कोर्स पण असतो, गुडघा आणि खिसा बघून ठरव. हॉकी इंडियाचे बेसिक, लेव्हल वन असे कोर्स आहेत, तिथनं सुरू केलेलं बरं. भारताचा गोलकीपर श्रीजेशचं बघ, ऑगस्ट २०२४ ला पॅरिस ऑलिम्पिकमध्ये ब्राँझ घेऊन थांबला, डिसेंबरला मस्कतमध्ये त्याच्या ज्युनिअर टीमनं आशिया कपच्या फायनलला पाकिस्तानला ५-३ हरवलं.

होटगीरोडवाला:
श्रीजेश सांगू नको बे, त्याच्या हाताखाली देशातली निवडलेली पोरं होती, याच्याकडं सातवी ब. आणि तो गोलकीपर, सगळी मॅच मागून बघत ओरडत डिफेन्स लावायचा, म्हणजे निम्मं कोचिंग खेळतानाच झालं की त्याचं.

पार्कजवळची_आई:
माझी मुलगी खेळते म्हणून लिहिते. आधीचे सर मोठे प्लेअर होते (कुठले ते राहू द्या), मॅच हरली की पोरींना बसवून स्वतःच्या मॅचच्या गोष्टी सांगायचे, अर्धा तास. पोरींना नुसतं एवढं हवं असतं की माझं काय चुकलं. तुम्हाला निदान कळलंय तरी शिकवता येत नाही म्हणून. आणि नोकरीचं घरचे चुकीचं बोलत नाहीत, शाळेच्या मानधनात घर चालत नाही, सकाळी ग्राऊंड आणि दिवसा काहीतरी बघा.

लेफ्टहाफ_सोलापूर:
व्हिडिओ काढला. होटगीरोडवाले, उजवा हात खरंच सैल होतो, बारा वर्षांत लक्षात नव्हतं. आज पोरांना सांगितलं उजव्या हातात चिमणीचं पिल्लू धरलंय समजा. तिघांचा बॉल थांबला, एकानं स्टिकच सोडून दिली. लेव्हल वनसाठी आधी बेसिक करावंच लागतं का ते सांगा कुणीतरी.