गोष्टींवर चालणारं कॅलेंडर: अधिक महिना कसा बसवायचा?

कथेकरीण

एका काल्पनिक शहरावर कादंबरी लिहिते आहे. शहराचं नाव ऐलथडी. तिथे तारखेला आकडा नाही. दिवेलागणीनंतर नदीच्या घाटावर कथेकरी एक गोष्ट सांगतो आणि दुसऱ्या दिवशी सूर्य मावळेपर्यंत तो दिवस त्या गोष्टीच्या नावाने ओळखला जातो. गोष्टी ठरलेल्या, क्रमही ठरलेला. चंद्रकोर दिसली की नवी माळ सुरू होते. माळेत २९ गोष्टी. शेवटच्या संध्याकाळी कोर दिसली नाही, तरच तिसावी सांगायची. त्यामुळे तिसाव्या गोष्टीवर जन्मलेल्या मुलाचा वाढदिवस यंदा येणार की नाही, हे त्याच्या आईलाही आकाशाकडे बघूनच कळतं.

रात्रीची वेळसुद्धा गोष्टीतच मोजतात. माझी एक कोळीण चोरीच्या खटल्यात साक्ष देते: "राणी विहिरीत उतरली तेव्हा होडी घाटावर नव्हती, राणी वर आली तेव्हा बांधलेली होती." हे वाक्य सुचलं आणि अख्खी कादंबरी त्याच्याभोवती उभी राहिली.

अडलंय ते इथे. बारा माळांच्या रात्री होतात साधारण ३५४. म्हणजे पेरणीची माळ दरवर्षी अकरा दिवस अलीकडे सरकणार आणि काही वर्षांत ऐन थंडीत पेरणीच्या गोष्टी सांगायची वेळ येणार. जादूने सोडवायचं नाहीये. ही माणसं खरोखर काय करतील? आणि वर्षाला आकडा नसताना पुढच्या वर्षीचा करार कसा लिहितील?

पंचांगवेडा

पहिल्या प्रश्नाचं उत्तर आपल्या घरातच आहे. ज्या चांद्र महिन्यात सूर्य रास बदलत नाही, तो आपण अधिक धरतो. असा महिना साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी येतो. त्याला स्वतःचं नाव नसतं, पुढच्या महिन्याचं उसनं घेतो. २०२३ मध्ये १८ जुलैपासून १६ ऑगस्टपर्यंत अधिक श्रावण होता. आमच्याकडे आजीने शुक्रवारची, शनिवारची कहाणी त्या महिन्यात वाचली नाही. पोथी काढली ती निज श्रावण लागल्यावरच.

यावरून सुचतं ते असं. ऐलथडीच्या अधिक माळेत पुढच्या माळेच्याच गोष्टी सांगाव्यात, पण शेवटचं वाक्य उच्चारायचं नाही. आपल्या कहाणीतून 'साठा उत्तराची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण' एवढंच काढून टाका, ऐकणाऱ्याला पाटावरून उठवत नाही. तसा महिनाभर शहराला काहीच पुरं करता येऊ नये. लग्न नाही, सौदा नाही, निकाल नाही.

राशी मोजणारे ज्योतिषी तुमच्याकडे नसतील तर खूण नदीची ठेवा. पेरणीच्या माळेची पहिली रात्र आली आणि नवं पाणी आलेलं नसलं, तर ती माळ अधिक.

कोळिणीच्या साक्षीबद्दल एक शंका. कथेकरी त्या रात्री घाईत असला तर? घाटावर घटिकापात्र ठेवा. पाण्यावर सोडलेली भोकाची वाटी, ती बुडली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. पूर्ण गोष्ट एका प्रहराची, साडेसात घटकांची. तिसरी वाटी बुडेल तेव्हा राणी विहिरीत पोचलेलीच असली पाहिजे, एवढी शिस्त त्या धंद्यात हवी.

मातीच्या विटा

वर्षाच्या नावासाठी बॅबिलोनकडे बघा. हम्मुराबी राजाच्या काळी तिथे वर्षांना आकडे नव्हते, घटनांची नावं होती: कालवा खणला ते वर्ष, तट बांधला ते वर्ष. नवं नाव ठरलेलं नसेल तर 'अमुक वर्षानंतरचं वर्ष' असं लिहीत. तुमचा करार याच पद्धतीने लिहिता येईल.

अधिक महिना मात्र तिथे राजा जाहीर करायचा. हम्मुराबीने एका अधिकाऱ्याला धाडलेलं पत्र सापडलंय. त्यात तो म्हणतो, वर्ष कमी पडतंय, म्हणून उलूलूनंतर येता महिना दुसरा उलूलू धरा. पण कर तश्रीतूच्या, म्हणजे एरवी उलूलूनंतर येणाऱ्या महिन्याच्या, २५ तारखेला यायचा होता, तो दुसऱ्या उलूलूच्या २५ तारखेलाच आला पाहिजे! महिना वाढला, पण कराला एका दिवसाचीही सवलत नाही. माझ्या मते कादंबरीचं खरं भांडण इथे आहे. नदी ठरवणार की राजा?

उत्तर अमेरिकेतल्या लकोटा-डकोटा लोकांची रीतही पाहा. त्यांचं वर्ष पहिल्या बर्फापासून पुढच्या पहिल्या बर्फापर्यंत. वडीलधारी एक घटना निवडत आणि तिचं चित्र कातड्यावर काढलं जाई. त्यांच्यातल्या लोन डॉग नावाच्या एकाने राखलेल्या कातड्यावर १८००-०१ पासून १८७०-७१ पर्यंतचे हिवाळे मधून बाहेर फिरत जातात. नोव्हेंबर १८३३ चा उल्कावर्षाव अशा कितीतरी कातड्यांवर सापडतो.

औसेकर

मी किल्लारीजवळचा. आमच्याकडे म्हाताऱ्यांचं वय अजून असंच निघतं, 'बहात्तरच्या दुष्काळात रांगत होता' म्हणून. ३० सप्टेंबर १९९३ ला पहाटे चारच्या सुमाराला भूकंप झाला, तेव्हा लोक गणपती विसर्जन करून येऊन झोपले होते. आमच्या घरात ती तारीख कोणी म्हणत नाही, 'विसर्जनाची रात्र' म्हणतात. पुढचं कोणाला सांगावं लागत नाही.

म्हणून विचारतो, ताई. ऐलथडीत एखाद्या रात्री असं काही घडलं, तर पुढच्या वर्षी त्या रात्रीची ठरलेली गोष्ट कथेकऱ्याने कोणत्या तोंडाने सांगायची? तुमच्या माळेत ती बदलायची सोय आहे का?

कथेकरीण

दादा, सोय नव्हती. आता करते आहे. त्या रात्री कथेकरी घाटावर येईल, वाटी पाण्यावर सोडेल, आणि साडेसात घटका गेलेल्यांची नावं घेतली जातील. जुनी गोष्ट आया मुलांना घरात सांगतील, म्हणजे ती पुसली जाणार नाही आणि त्या दिवसाला दोन नावं राहतील. लांबच्या गावचा माणूस कोण आणि तिथला कोण, हे तो कोणतं नाव घेतो त्यावरून कळेल.

पंचांगवेडा, शेवटचं वाक्य न उच्चारण्याची कल्पना घेतली. विटावाले, राजाचा कारभारीही घेतला. खटला आता अधिक माळेतच उभा राहतो. कोळिणीची साक्ष झाली आहे, पण न्यायाधीशाला निकालाचं वाक्य म्हणता येत नाही. कारभारी म्हणतो की माळ अधिक नाहीच, निकाल द्या, दंड आजच भरून घ्या. घाटावरचे लोक नदीकडे बोट दाखवतात.

एवढंच सांगा: न्यायाधीश कारभाऱ्याचा पगारी माणूस असावा, की स्वतः जुना कथेकरी?