पीसीडी जुळला म्हणजे चाक जुळलं असं नाही

दुसऱ्या गाडीची चाकं आपल्या गाडीला बसवण्याच्या या चर्चेत ‘४×१०० जुळलं की कुठल्याही गाडीचं चाक चालतं’ असं वर कुणी म्हटलंय, ते मला अर्धंच पटतं. ४×१०० म्हणजे चार नट आणि त्यांच्या भोकांमधून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास १०० मिमी; हा व्यास म्हणजेच पीसीडी. पीसीडी तर जुळायलाच हवा, पण चाकाच्या मधल्या भोकाचा व्यास, म्हणजे सेंटर बोअर, याचा विषय इथे कुणीच काढला नाही. जुन्या छोट्या गाड्यांत ४×१०० सगळीकडे दिसतं, पण हबचा, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या गाडीच्या मधल्या गोल भागाचा, व्यास टोयोटाचा बहुधा ५४.१ मिमी, होंडाचा ५६.१, फोक्सवॅगनचा ५७.१. मोठ्या भोकाचं चाक छोट्या हबवर आरामात चढतं आणि तिथेच फसायला होतं, कारण ते मध्यावर न बसता नुसत्या नटांच्या भरवशावर राहतं. माझ्या गाडीला अशीच दुसऱ्या गाडीची अलॉय (मिश्रधातूची) चाकं बसवली होती. ताशी ८० च्या पुढे स्टिअरिंग थरथरायचं. तीनदा बॅलन्सिंग केलं, टायरवर संशय घेतला, शेवटी हब आणि चाकामधली फट भरणाऱ्या सेंटरिंग रिंगा टाकल्या आणि थरथर त्याच दिवशी गेली. उलट, भोक लहान असेल तर घासून मोठं करायच्या फंदात कृपया पडू नका.

नटही बघा. होंडाच्या मूळ चाकांना गोलसर बुडाचे नट लागतात, बाजारातल्या बऱ्याच अलॉयना शंकूच्या आकाराचे. अदलाबदल झाली तर नट घट्ट लागल्यासारखा वाटतो, पण टेकलेला असतो एका बारीक कडेवर, आणि चालता चालता सैल होतो. चाकं बदलल्यावर पहिल्या ८०-१०० किलोमीटरनंतर टॉर्क पाना (ठरावीक जोरानेच नट आवळणारा पाना) लावून नट पुन्हा तपासाच.