चषकाकार म्हणजे नुसतं खोलगट नव्हे

‘चषकाकार आणि खोलगट हे शब्द एकाच अर्थाचे’ असं कुणी म्हटलं, तर मला ते पटत नाही. परात खोलगट असते, पण तिला चषकाकार कोण म्हणेल? तोंड रुंद, कडा उभ्या आणि बूड निमुळतं असलं तरच तो शब्द शोभतो. ‘द्रोणाकार’ जवळचा आहे, बोलण्यात मला तोच आवडतो. आमच्याकडे बेळगावात कन्नड शेजारी पानाच्या द्रोणाला ‘दोन्ने’ म्हणतात, कानाला सख्खी भावंडंच वाटतात.

खानापूरकडे आमच्या गोठ्यामागे पावसाळ्यात कुजक्या लाकडावर बोटाच्या पेराहूनही लहान तपकिरी पेले उगवतात. आजी म्हणायची, “वाट्या आल्या बघ!” आत मसुरासारखे चपटे, पण त्याहून बारीक करडे दाणे. ही बुरशी आहे, नाव सायाथस. ग्रीकमध्ये ‘क्याथोस’ म्हणजे पेलाच. दाण्यांत बीजाणू असतात, म्हणजे ज्यांतून नवी बुरशी उगवते ते सूक्ष्म कण. पावसाचा टपोरा थेंब नेमका पेल्यात पडला की दाणे उसळून मीटरभर लांब जातात. उभ्या कडांचं काम तेच. तिला नुसतं ‘खोलगट’ म्हटलं तर अर्धी गंमत गेली की!