'रिज रेसर'ची सीएचडी केली, संगीत गायब

प्रश्न
प्लेस्टेशन वनच्या (पीएसवन) गेम सीडींच्या बिन-क्यू प्रती (बिनमध्ये डेटा, क्यूमध्ये ट्रॅकांची यादी) फार जागा खातात, म्हणून एम्युलेटरसाठी त्यांच्या सीएचडी (दाबून लहान केलेल्या डिस्क-प्रती) करायला घेतल्या. 'रिज रेसर' या शर्यतीच्या गेमची पहिली बिन आयएसओत (डिस्क-प्रतीचा दुसरा प्रकार) बदलून सीएचडी केली. गेम चालतो, इंजिनाचा आवाज येतो, पण गाणी वाजत नाहीत. कुठे चुकतंय? पीएसटू-पीएसपीच्या आयएसओंना हीच पद्धत चालेल का? आणि तीन-चार डिस्कच्या गेमांचं काय?

उत्तर १
गाणी आयएसओ करतानाच गेली. या सीडीवर पहिला ट्रॅक डेटाचा, बाकीचे साध्या ऑडिओ सीडीसारखे. (खऱ्या कन्सोलवर गेम मेमरीत चढल्यावर डिस्क काढून आपली ऑडिओ सीडी घातली, तर शर्यतीत तीच वाजते!) आयएसओत सेक्टरमागे (डिस्कवरच्या डेटाच्या एका तुकड्यामागे) २०४८ बाइटच मावतात, सीडीचा पूर्ण सेक्टर २३५२ बाइटचा. त्यामुळे ऑडिओ ट्रॅक त्यात बसतच नाहीत, आणि पीएसवनचे व्हिडिओही बिघडू शकतात. पीएसवनसाठी आयएसओच्या वाटेला जाऊच नका.

सीएचडीमॅन (सीएचडी बनवणारा प्रोग्रॅम) याच्या 'क्रिएटसीडी' आज्ञेला बिन न देता क्यू फाइल द्या. त्याआधी क्यू नोटपॅडमध्ये उघडून बघा: आतली बिनची नावं फोल्डरमधल्या नावांशी तंतोतंत जुळली पाहिजेत. बिनचं नाव बदललंत आणि क्यूमध्ये तसंच ठेवलंत, की 'फाइल सापडत नाही' म्हणून काम थांबतं. ऑडिओ ट्रॅक फ्लॅक या पद्धतीने दाबले जातात, दर्जा तसूभरही कमी होत नाही. मूळ बिन उडवण्याआधी 'व्हेरिफाय' चालवा आणि गाणी ऐकून घ्या; व्हेरिफाय फक्त सीएचडी धड आहे का ते सांगतं, ट्रॅक राहिलाय का ते नाही.

उत्तर २
पीएसटूच्या डीव्हीडी आयएसओला 'क्रिएटडीव्हीडी'. निळ्या बुडाच्या पीएसटू डिस्क मात्र सीडी असतात, त्यांना क्यू आणि 'क्रिएटसीडी'च. पीएसपीलाही 'क्रिएटडीव्हीडी', पण हंक साइझ (एकत्र दाबल्या जाणाऱ्या तुकड्याचा आकार) २०४८ ठेवा. हंक मोठा असला की इवलासा तुकडा वाचायलाही अख्खा हंक उलगडावा लागतो. ही आज्ञा सापडली नाही तर तुमचा सीएचडीमॅन जुना आहे, मामे या आर्केड एम्युलेटरच्या नव्या आवृत्तीतला घ्या.

उत्तर ३
प्रत्येक डिस्कची वेगळी सीएचडी करा. मग एक साधी टेक्स्ट फाइल बनवून ओळीला एक असं त्यांचं नाव क्रमाने लिहा, एक्सटेन्शन एमथ्रीयू ठेवा आणि तीच उघडा. रेट्रोआर्क या एम्युलेटर प्रोग्रॅममध्ये सेव्हचं नाव उघडलेल्या फाइलवरून पडतं. सीएचडी एकेक उघडलीत तर दुसऱ्या डिस्कला मेमरी कार्ड कोरं दिसेल.

गेमांच्या युरोपीय पाल (टीव्ही पद्धतीच्या) आवृत्त्यांपैकी काहींत लिबक्रिप्ट हे कॉपी-संरक्षण असतं. त्याचा सबचॅनल डेटा (मुख्य डेटासोबतची जादा माहिती) बिन-क्यूमध्ये नसतो, म्हणून सीएचडीतही येत नाही. तो डेटा पुरवणारी एसबीआय फाइल सीएचडीशेजारी, त्याच नावाने ठेवा.