होबी बेकरची कसोटी लागलीच नाही, असे म्हणता येईल का?

अमेरिकेचा आइस हॉकी (बर्फावरील हॉकी) खेळाडू होबी बेकर पैसे घेऊन कधी खेळला नाही, म्हणून त्याची खरी कसोटी लागलीच नाही, असे एक मत मांडले जाते; ते मला पटत नाही. संघात सात खेळाडू असण्याच्या त्या काळात तो ‘रोव्हर’ होता, म्हणजे ठरावीक जागा नसलेला आणि चढाई व बचाव या दोन्हींचा भार वाहणारा खेळाडू. शिवाय चकती (या खेळात चेंडूऐवजी वापरतात ती) पुढे पास करण्यास मनाई असल्यामुळे ती स्वतःच्या काठीवर खेळवत प्रतिस्पर्ध्यांना चुकवत जाणे, हेच त्या भूमिकेचे मुख्य कौशल्य होते. शाळेत असताना अंधारात गोठलेल्या तळ्यावर केलेल्या सरावामुळे चकतीकडे न पाहता खेळण्याची सवय त्याला लागली होती. सामना संपल्यावर प्रतिस्पर्ध्यांच्या खोलीत जाऊन हस्तांदोलन करण्याची त्याची रीत मला विशेष मोलाची वाटते.

१९१४ मध्ये प्रिन्स्टन विद्यापीठातून पदवी घेतल्यावर तो न्यूयॉर्कच्या सेंट निकोलस क्लबकडून हौशी खेळाडू म्हणूनच खेळला. पहिले महायुद्ध संपल्यानंतर, २१ डिसेंबर १९१८ रोजी, फ्रान्समध्ये लष्करी वैमानिक म्हणून दुरुस्त केलेल्या विमानाची चाचणी घेताना वयाच्या अवघ्या २६व्या वर्षी त्याचा मृत्यू झाला. १९४५ मध्ये कॅनडातील ‘हॉकी हॉल ऑफ फेम’ या थोर हॉकीपटूंच्या सन्मान-दालनासाठी पहिली नावे निवडली गेली, तेव्हा हाऊई मोरेन्झसारख्या व्यावसायिक खेळाडूंच्या बरोबरीने त्याचेही नाव त्या यादीत होते.